सदर अर्जदाराचा संबंध दिसून येत नाही

आमच्या मराठवाड्यात रेशनच्या दुकानाला अजूनही 'कंट्रोल' म्हणतात. "कंट्रोल आलं का?" म्हणजे या महिन्याचा माल दुकानात उतरला का. "कंट्रोलचा तांदूळ" म्हणजे बाजारातला नव्हे तो. दुकानाच्या पाटीवर 'रास्तभाव दुकान' लिहिलेले असते, सरकारी कागदांतही तेच असते. मुंबईत त्याला 'अधिकृत शिधावाटप दुकान' म्हणतात. पण गावात पाटी कुणी वाचत नाही. कंट्रोल हा शब्द दुसऱ्या महायुद्धात आला आणि राहून गेला.

मी १९७८ साली महसूल खात्यात कारकून म्हणून लागलो आणि २०१२ साली अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो. मधली बहुतेक वर्षे तहसीलच्या पुरवठा शाखेत गेली. नियतन, चलन, उचल, तूट, डी-१ रजिस्टर, युनिट या शब्दांत माझे आयुष्य गेले. त्या काळात टिपणीत एक वाक्य मी इतक्या वेळा लिहिले की आजही झोपेत लिहू शकेन: 'सदर प्रकरणी अर्जदार यांचा हितसंबंध दिसून येत नाही, सबब अर्ज निकाली काढण्यास हरकत नसावी.' खाली सही, तारीख, आणि कागद वर.

या वाक्याचा इतिहास मला कित्येक वर्षे ठाऊक नव्हता. तो मी नंतर शोधला. शोधायला लावणारी बाई आता हयात नाही.

ती १९८९ च्या पावसाळ्यात आली. पन्नाशी ओलांडलेली, विधवा, शेतमजूर. तिच्या गावच्या दुकानदाराने चार महिने माल उचलला होता आणि गावात एकदाच वाटला होता. तोही भिजलेला. तिने पदराची गाठ सोडली आणि मूठभर गहू माझ्या टेबलावर ठेवला. काळा पडलेला, जाळी धरलेला. वास अजून आठवतो. पुरवठा निरीक्षकांनी जाऊन पंचनामा केला, जबाब घेतले, साठा नोंदवही आणि प्रत्यक्ष साठा यांत फरक निघाला. कारणे दाखवा नोटीस निघाली, प्राधिकारपत्र म्हणजे दुकानाचा परवाना रद्द झाला, अनामत जप्त झाली. गाव शेजारच्या दुकानाला जोडले गेले. सगळे नियमाप्रमाणे.

दोन महिन्यांनी वरच्या कार्यालयातून स्थगिती आली. दुकानदाराने पुनरीक्षण अर्ज केला होता, सुनावणी झाली होती, त्याचे वकील बोलले होते, आमच्याकडून अहवाल गेला होता. दुकान पुन्हा त्याच्याकडे गेले. ती बाई पुन्हा आली. या वेळी हातात अर्ज होता, गावातल्या मास्तरांनी लिहून दिलेला. दुकान कायमचे परत देण्याआधी आम्हा कार्डधारकांचे म्हणणे ऐकावे, एवढीच मागणी.

"मावशी," मी म्हणालो, "तिथं दुकानदार आणि सरकार यांचं प्रकरण चालतं. तुम्ही त्यात पार्टी नाही."

"मग मी कोन हाय?" तिने विचारले.

मी उत्तर दिले नाही. टिपणी लिहिली. वाक्य तेच.

*

कंट्रोलचे दुकान कसे जन्मले हे आधी सांगायला हवे, कारण परवाना कुणाचा आणि कुणासाठी हा घोळ त्या जन्मातच आहे.

१९४२ साली जपानने ब्रह्मदेश घेतला आणि तिकडून येणारा तांदूळ थांबला. मुंबई इलाख्यात पिकणारे धान्य तिथल्या लोकांना कधीच पुरत नव्हते, आणि मुंबई शहर तर पूर्णपणे बाहेरच्या धान्यावर जगत होते. भाव चढले, साठे दडले, दुकानांपुढे रांगा लागल्या. २ मे १९४३ रोजी मुंबईत शिधावाटप सुरू झाले. हिंदुस्थानातल्या मोठ्या शहरांत हे पहिले. त्याच वर्षी बंगालमध्ये लाखो माणसे भुकेने मेली. ग्रेगरी समितीने एक लाखावर वस्ती असलेल्या शहरांत शिधावाटप करावे अशी शिफारस केली आणि मुंबईची पद्धत इतरत्र गेली. हे सगळे भारत संरक्षण नियमांखाली चालले होते. युद्धकाळचे नियम. त्यांत नागरिकाला हक्क नव्हता, त्याला शिधा होता. दुकानदारालाही हक्क नव्हता, त्याला परवाना होता. परवाना देणारा हात तो केव्हाही परत घेऊ शकत होता.

आमच्या बाजूला तेव्हा निजामाचे राज्य. तिथे शेतकऱ्याकडून लेव्ही म्हणून धान्य घेत. माझे वडील सांगत की लेव्हीचे नाव काढले की कणगी लपवायची.

युद्ध संपले, कंट्रोल संपले नाही. १९४७ च्या अखेरीस गांधीजींच्या आग्रहाने नियंत्रणे उठली, भाव उसळले आणि वर्षभरात ती परत आली. रफी अहमद किडवई अन्नमंत्री असताना १९५४ पर्यंत ती पुन्हा मोकळी झाली. मग १९५५ चा जीवनावश्यक वस्तू कायदा, १९६५ साली अन्न महामंडळ, १९६५-६६ चे दुष्काळ, अमेरिकेचा पीएल-४८० चा गहू आणि १९७२ चा आमचा दुष्काळ. त्या दुष्काळात कंट्रोलमध्ये मिळणारा लाल मिलो माझ्या पिढीने खाल्ला आहे. त्याची भाकरी थापता थापता तुटायची. १९७५ साली राज्याने महाराष्ट्र अनुसूचित वस्तू (वितरणाचे विनियमन) आदेश काढला. मी ज्याखाली नोकरी केली तो हाच. प्राधिकारपत्र कोण देईल, कोण निलंबित करील, कोण रद्द करील, त्यावर कुठे दाद मागायची, शेवटी शासनाकडे पुनरीक्षण कसे जायचे, सगळे त्यात आहे. जिल्हा पुरवठा अधिकारी, विभागाचे उपायुक्त, मंत्रालय: दुकानदाराला चढायला जिना बांधून दिला होता. कार्डधारकासाठी त्या आदेशात पायरी नव्हती. त्याच्यासाठी दुकानात तक्रार वही टांगलेली असे, आणि ती दुकानदाराच्या खुंटीला.

*

दुकानदाराला हा जिना फुकट मिळाला नव्हता, हे मला खूप नंतर कळले. शासनाविरुद्ध याचिका आली की आम्हाला परिच्छेदनिहाय अभिप्राय तयार करावे लागत. ते गठ्ठे घेऊन मी तेव्हाच्या औरंगाबाद खंडपीठात सरकारी वकिलांच्या कार्यालयात जायचो आणि दिवसदिवस बसून राहायचो. तिथल्या एका तरुण वकिलाने माझी बसणूक पाहून मला वाचायला निकालांच्या झेरॉक्स द्यायला सुरुवात केली. वकील मंडळी ज्याला 'लोकस' म्हणतात त्याची ओळख मला तिथे झाली. याचिका वाचण्याआधी न्यायाधीश विचारतात: तुम्ही कोण, तुमचे काय बिघडले? तुमचा लोकस काय? माझ्या टिपणीतले वाक्य म्हणजे त्याच प्रश्नाचे सरकारी भाषांतर होते.

पहिली झेरॉक्स सिलोनची होती. नक्कुडा अली विरुद्ध जयरत्ने. युद्धानंतर सिलोनमध्ये कापडावर नियंत्रण होते. कुपनांच्या भरण्यात फेरफार केल्याच्या आरोपावरून एका कापड व्यापाऱ्याचा परवाना नियंत्रकाने रद्द केला. तो व्यापारी लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला. १९५० साली तिथे निकाल झाला की परवाना ही सरकारने दिलेली सवलत आहे, ती काढून घेणे हे न्यायदानाचे काम नव्हे, म्हणून न्यायालयाने त्यात हात घालायचे कारण नाही. म्हणजे परवाना ही मेहेरबानी, आणि मेहेरबानी काढून घेतली तर तक्रार कसली? पुढे इंग्लंडच्याच न्यायालयांनी ही विचारसरणी सोडून दिली.

भारतात त्याआधीच वेगळे वारे सुरू झाले होते. संविधानाने व्यवसाय करण्याचा मूलभूत हक्क दिला होता. उत्तर प्रदेशातल्या कोळसा नियंत्रण आदेशाविरुद्ध व्यापारी सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५४ साली द्वारका प्रसाद खटल्यात न्यायालयाने म्हटले की परवाना अधिकाऱ्याच्या निव्वळ मर्जीवर माणसाचा धंदा टांगता येणार नाही. तिथून नोटीस, खुलासा, सुनावणी, कारणांसह आदेश हे सगळे आले. माझ्या टेबलावरची 'कारणे दाखवा' नोटीस या खटल्यांची नात. ती आली हे चांगलेच झाले. एखाद्या निरीक्षकाच्या रागावर दुकानदाराचे पोट अवलंबून राहू नये, हे मी डोळ्यांनी पाहिलेल्या गोष्टींवरून सांगतो.

मग दुसरा माणूस दारात आला: शेजारचा धंदेवाला. म्हैसूर राज्यात एका भात गिरणीवाल्याने गिरणी नव्या जागी हलवायची परवानगी मिळवली. जवळच्या दुसऱ्या गिरणीवाल्याने तिला आव्हान दिले. उच्च न्यायालयात तो जिंकला. १९७० साली नगर राइस अँड फ्लोअर मिल्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की स्पर्धा वाढली एवढ्याने तुझा कायदेशीर हक्क दुखावला असे होत नाही. चित्रपटगृहाच्या परवान्यावरून गुजरातेतून आलेल्या जसभाई देसाई खटल्यात न्या. सरकारिया यांनी आणखी पुढे जाऊन माणसांच्या तीन जाती पाडल्या: ज्याचे खरेच काही बिघडले तो व्यथित, ज्याचा संबंध नाही तो परका, आणि विनाकारण नाक खुपसणारा तो लुडबुड्या.

तो निकाल मी त्या बाकावर बसून दोनदा वाचला. माझ्या टिपणीतल्या वाक्याला एवढा मोठा आधार आहे हे पाहून तेव्हा मला बरे वाटले होते.

*

बरे वाटण्याला कारण होते. आमच्याकडे येणाऱ्या तक्रारी काही सगळ्या त्या मावशीसारख्या नसत. ज्याला दुकान हवे आहे तो आधी असलेल्या दुकानदाराविरुद्ध अर्ज करतो, हे पुरवठा शाखेतला नवा शिपाईही सांगेल. एकाच हस्ताक्षरातला अर्ज, खाली चाळीस अंगठे, सगळे एकाच शाईच्या गादीवरचे आणि एकाच दाबाचे. चौकशीला गेले की अर्धी माणसे म्हणत, आम्हाला वाटले निराधाराच्या पगाराचा कागद आहे. निवडणूक झाली की अर्जांचा पाऊस. हरलेल्या गटाचा दुकानदार असेल तर त्याचे वजनकाटे एकाएकी खोटे ठरत. एका गावात सहा वर्षांत तीनदा दुकान बदलले आणि तिन्ही वेळा धान्य तेवढेच कमी मिळत राहिले. 'लुडबुड्या' हा शब्द न्यायमूर्तींनी हवेतून काढलेला नव्हता.

तरीही चूक माझ्याकडून झाली. चाळणी लुडबुड्यांसाठी होती आणि मी तिच्यातून सगळ्यांनाच गाळत गेलो. अर्ज करणारा दुकानाचा उमेदवार आहे की त्या दुकानाला जोडलेला कार्डधारक आहे, हे बघायला कार्डधारकांच्या नोंदीचे डी-१ रजिस्टर माझ्या मागच्या कपाटातच होते. पाच मिनिटांचे काम. नाव सापडले की तो माणूस परका नाही, हे उघड होते. ज्याच्या नावावर माल येतो, ज्याच्या युनिटांवरून दुकानाचे नियतन ठरते, ज्याच्याशिवाय दुकानाची गरजच नाही, तो परका कसा? पण मी रजिस्टर उघडत नसे. वरून कधी कुणी विचारत नसे.

कायद्याच्या पुस्तकांतही हाच प्रकार दिसतो. गिरणीवाला विरुद्ध गिरणीवाला, चित्रपटगृहवाला विरुद्ध चित्रपटगृहवाला, दुकानदार विरुद्ध अधिकारी. प्रतिस्पर्ध्याला दार बंद करताना न्यायालयांनी जो नियम केला तो बरोबर होता, पण ज्यांच्यासाठी वस्तूवर नियंत्रण आणले ते तिथे हजरच नव्हते. त्यांच्याविषयी नियम करायची वेळच आली नाही. आणि खालच्या कचेऱ्यांत आम्ही तो नियम त्यांनाही लावून मोकळे झालो.

*

कार्डधारक कचेरीच्या बाहेर मात्र हजर होता, किंबहुना होती. १९७२ साली मुंबईत महागाई प्रतिकार संयुक्त महिला समिती उभी राहिली. मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर, तारा रेड्डी, प्रमिला दंडवते, कमल देसाई. वेगवेगळ्या पक्षांच्या बाया एका मोर्चात, हातात लाटणी. तेल, साखर, रवा, रॉकेल कुठे आहे, हे त्यांनी मंत्र्यांना घेरून विचारले. त्यांना कुणी 'तुमचा लोकस काय' असे विचारल्याचे मी तरी ऐकले नाही. लाटण्याकडे पाहूनच कळत होते. पुढे नव्वदच्या दशकात मुंबईत रेशनिंग कृती समितीच्या बायांनी दुकानादुकानाला कार्डधारकांचे गट बांधले. दरफलक लावला आहे का, धान्याचा नमुना मोहोरबंद पिशवीत दर्शनी ठेवला आहे का, गोदामातला नमुना आणि दुकानातला माल एकच आहे का, हे त्या तपासत. सरकारी दक्षता समित्या कागदावर होत्याच. आमच्या तालुक्याच्या दक्षता समितीची सभा मी कित्येकदा कार्यवृत्तात भरवली आहे. या बायांनी तेच काम दुकानाच्या उंबऱ्यावर केले.

न्यायालयांतही सत्तरच्या दशकातच भिंत खचू लागली होती, आणि त्यातला पहिला मोठा चिरा मुंबईतून निखळला. फौजदारी न्यायालयाच्या दारात काही वकील अशिलांना अक्षरशः ओढाओढ करून मिळवत. महाराष्ट्र बार कौन्सिलने त्यांच्यावर कारवाई केली, ती अपिलात उलटली, तेव्हा बार कौन्सिल स्वतःच सर्वोच्च न्यायालयात गेली. प्रश्न आला की बार कौन्सिलचे स्वतःचे काय बिघडले, ती 'व्यथित' कशी? १९७५ साली सात न्यायाधीशांनी सांगितले की ज्या संस्थेवर व्यवसायाची शिस्त राखण्याची जबाबदारी आहे ती व्यथित असू शकते. व्यथित होण्यासाठी खिशातून पैसेच जायला हवेत असे नाही. न्या. कृष्ण अय्यर त्या पीठावर होते. पुढे ३० डिसेंबर १९८१ च्या एस. पी. गुप्ता निकालात न्या. भगवती यांनी दारच उघडले: जो गरिबीमुळे किंवा असहाय्यतेमुळे न्यायालयात येऊ शकत नाही, त्याच्यासाठी प्रामाणिकपणे येणाऱ्या कुणालाही ऐकू, पत्र पाठवले तरी ऐकू.

मी १९८९ साली त्या मावशीचा अर्ज निकाली काढला तेव्हा हा निकाल सात वर्षांहून जुना होता. तहसीलच्या पुरवठा शाखेपर्यंत तो पोहोचला नव्हता. आमच्याकडे परिपत्रके पोहोचत, निकाल नव्हे.

२००१ साली राजस्थानात दुष्काळ होता, माणसे उपाशी होती आणि अन्न महामंडळाची गोदामे ओसंडून वाहत होती. धान्य सडत होते. पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज ही संस्था सर्वोच्च न्यायालयात गेली. याचिकाकर्त्यांत एकही दुकानदार नव्हता, परवान्याचा उमेदवार नव्हता. लोकसवर प्रकरण अडले नाही. २८ नोव्हेंबर २००१ च्या आदेशाने अन्नयोजना म्हणजे लोकांचा हक्क ठरला. आणि २ मे २००३ रोजी न्यायालयाने थेट परवान्यालाच हात घातला: जो दुकानदार ठरल्या काळात दुकान उघडे ठेवत नाही, दारिद्र्यरेषेखालच्यांना ठरल्या भावाने धान्य देत नाही, लोकांची कार्डे स्वतःकडे ठेवून घेतो, कार्डावर खोट्या नोंदी करतो, काळाबाजार करतो, त्याचा परवाना रद्द करा. मुंबईत शिधावाटप सुरू झाले त्याला त्या दिवशी बरोबर साठ वर्षे झाली होती. कार्ड ठेवून घेण्याचा उल्लेख वाचून मी पुस्तक मिटून बसलो. मावशीच्या गावच्या दुकानदाराकडे गावाची निम्मी कार्डे होती. पंचनाम्यात ते आले होते. आदेशात आले नव्हते, कारण तेव्हा ते कलमात बसत नव्हते असे आम्हाला वाटे.

*

आणखी एक प्रकरण सांगायचे आहे, माझ्या शेवटच्या वर्षांतले.

राज्य शासनाने नोव्हेंबर २००७ मध्ये निर्णय काढून रेशन दुकाने देताना महिला बचत गटांना प्राधान्य दिले. चांगला निर्णय होता. आमच्या तालुक्यात एका गावात दुकानदाराचे प्राधिकारपत्र रद्द झाले आणि ग्रामसभेच्या शिफारशीने दुकान एका बचत गटाला मिळाले. अकरा बाया. चलन भरायला पैसे नव्हते म्हणून गटाच्या बचतीतून आणि बँकेच्या कर्जातून भरले. पोती उतरवायला हमाल परवडेना तेव्हा दोघी तिघींनी मिळून उतरवली. चौदा महिने दुकान चालले. त्या गावातून आमच्याकडे चौदा महिन्यांत तक्रारीचा एकही कागद आला नाही. बारनिशीत, म्हणजे आवक नोंदवहीत, पाहून सांगतो.

मग जुन्या दुकानदाराच्या अर्जावर निर्णय झाला. रद्दीकरणाचा आदेश रद्द. दुकान त्याला परत. बायांना हे माझ्याकडून कळले, कारण त्यांना नोटीसच गेली नव्हती. त्या त्या प्रकरणात पार्टी नव्हत्या. गटाच्या अध्यक्षबाईंनी कर्जाचे पासबुक माझ्यासमोर ठेवले आणि म्हणाल्या, "दादा, आमचं काय चुकलं एवढं तर लिहून द्या." लिहून देण्यासारखे काही नव्हते. आदेशात त्यांचे नावच नव्हते.

हा प्रश्न पुढे उत्तर प्रदेशातल्या एका प्रकरणातून सर्वोच्च न्यायालयात गेला. २०१५ साली पूनम खटल्यात न्यायालयाने म्हटले की जुन्या दुकानदाराचा आणि शासनाचा वाद आहे, मधल्या काळात ज्याला दुकान मिळाले त्याला त्या वादात ऐकून घेण्याचा हक्क नाही. त्याआधी २०१२ साली आपल्याच उरण नगरपरिषदेच्या अध्यक्षांच्या प्रकरणात ठरले होते की नुसती तक्रार केली म्हणून तक्रारदार वादाचा पक्षकार होत नाही, फार तर तो साक्षीदार. २०२२ साली मात्र राम कुमार खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पूनमची गोष्ट वेगळी होती असे सांगून नंतरच्या दुकानदारालाही बाजू मांडायची संधी हवी असे म्हटले. निकाल वाचला तेव्हा मी निवृत्त होऊन दहा वर्षे झाली होती. तो गट केव्हाच मोडला होता. कर्ज त्यांनी फेडले होते, हे मला ठाऊक आहे.

म्हणजे आता दुकानदाराला ऐकतात, आधीच्या आणि नंतरच्याही. अधिकारी तर बोलतोच. २०१३ च्या राष्ट्रीय अन्नसुरक्षा कायद्याने तक्रार निवारण अधिकारी दिला, राज्य अन्न आयोग दिला, दक्षता समित्या आणि सामाजिक अंकेक्षण दिले. त्या कायद्यात धान्य न मिळालेल्या माणसाला 'व्यथित व्यक्ती' म्हटले आहे. न्या. सरकारियांनी ज्या शब्दाभोवती कुंपण घातले होते तोच शब्द, आणि या वेळी तो पिशवी घेऊन उभ्या असलेल्या माणसाला दिला आहे. हे मी फार मोठे मानतो. पण तो दिला आहे धान्याच्या हक्कापुरता. माझे पाच किलो मिळाले नाहीत म्हणून ती बाई आज दाद मागू शकते. ज्याने ते खाल्ले त्याला दुकान परत द्यायचे की नाही याची सुनावणी लागते, तेव्हा तिला आजही नोटीस जात नाही.

जे लोक म्हणतात की आता पॉस मशीन आले, अंगठा लावल्याशिवाय माल निघत नाही, तेव्हा हा प्रश्न संपला, त्यांच्याशी मी सहमत नाही. मशीन किती दिले ते नोंदवते. दुकान कुणाकडे असावे, याबद्दल ते काही बोलत नाही. आणि ज्यांचे अंगठे उमटत नाहीत अशा म्हाताऱ्या माणसांना दुकानदार कसा वागवतो, हे गावालाच माहीत असते.

माझी मागणी लहान आहे. पुरवठा खात्यातल्या आजच्या अधिकाऱ्यांना, आणि नियम करणाऱ्यांनाही, ती हात जोडून करतो. प्राधिकारपत्र रद्द करण्याच्या किंवा परत देण्याच्या प्रत्येक प्रकरणात, अपील असो की पुनरीक्षण, सुनावणीच्या तारखेची नोटीस दुकानावर आणि ग्रामपंचायतीत लावावी. त्या दुकानाला जोडलेल्या कार्डधारकांपैकी जो येईल त्याचे म्हणणे नोंदवून घ्यावे आणि आदेशात त्याचे उत्तर द्यावे. तो लुडबुड्या आहे का, हे तपासायला कार्ड क्रमांक पुरेसा आहे. याला पैसा लागत नाही.

त्या मावशीच्या दुकानदाराचे प्रकरण अभिलेखात ब वर्गात गेले. ती फाइल पुढे अनेक वर्षे अभिलेख कक्षात राहणार होती. मावशीचा अर्ज मी निकाली काढल्यामुळे त्या फाइलला लागला नाही. तो सुट्या अर्जांबरोबर ड वर्गात गेला. ड वर्गाचे कागद वर्षभराने नष्ट करतात. १९९० च्या डिसेंबरात त्या यादीवर सही माझीच आहे.